न मागितलेला चेंडू

गॅरेट व्हॅन लून याच्याविषयी वर्तमानपत्रांतून पुष्कळ लिहून आले आहे आणि त्यातील बरेचसे खोटे आहे. त्याचा चेंडू हवेत क्षणभर थांबत असे, असे एका गृहस्थाने छापले. मी बारा वर्षे त्याचे चेंडू झेलले. एकही थांबला नाही. थांबले असते तर माझ्या डाव्या हाताची तीन बोटे आज सरळ असती. म्हणून जे स्वतः पाहिले आणि ऐकले, तेवढेच क्रमवार नमूद करावे, या हेतूने मी, डेनिस हॅकेट, डनहॅम फेरी बेसबॉल संघाचा माजी कॅचर, म्हणजे फलंदाजामागे चेंडू झेलणारा, व कर्णधार, ही लेखणी हाती घेतली आहे. माझे शिक्षण वयाच्या दहाव्या वर्षी ओतशाळेच्या दाराशी संपले. पुढे जे काही शिकलो, ते आगगाडीच्या प्रवासात, सामन्याला जाता-येता, हाती पडेल ते वाचून शिकलो.

गॅरेटचा बाप कालव्यावरचा दरवाजेवाला. नावा आल्या की पाणी चढवायचे, उतरवायचे, आणि नाव भिंतीवर आदळू नये म्हणून नावाड्याकडे दोर फेकायचा. गॅरेट सात वर्षांचा असल्यापासून हे दोर फेकण्याचे काम त्याच्याकडे होते. नावाडी ओरडे, "पुढे!" किंवा "मागे!" आणि दोराचे टोक तेथे त्याच्या हातात पडले पाहिजे. पाण्यात पडले तर नावाडी ज्या भाषेत बोलत, ती येथे लिहिण्याजोगी नाही. गॅरेट मला सांगे, "डेनिस, मला चेंडू टाकायला कोणी शिकवलं नाही. शिव्यांनी शिकवलं."

माझ्या मते त्याच्या साऱ्या कारकिर्दीचे मूळ येथेच आहे. कारण त्या काळी खेळाचा नियमच असा होता की पिचरने, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याने, फलंदाजाचे ऐकावे. आजच्या तरुणांना हे सांगून पटत नाही. फलंदाज आपल्या उभे राहण्याच्या पाटीपाशी येई आणि पंचाला मोठ्याने सांगे, "उंच" किंवा "खाली". उंच म्हणजे कमरेपासून खांद्यापर्यंत, खाली म्हणजे कमरेपासून गुडघ्यापर्यंत. एकदा मागितले की त्या खेपेला बदल नाही. आणि मागितलेल्या पट्ट्यात चेंडू आला नाही, तर तो वाईट चेंडू म्हणून पिचरच्या नावे लागे. पुष्कळ पिचर या नियमावर दात खात. ते चेंडू टाकण्याच्या चौकटीत धावत येत, उडी मारत आणि केवळ वेगाने समोरच्याला घाबरवू पाहत. गॅरेट मात्र एका जागी स्वस्थ उभा राही, मागणी ऐकून किंचित मान हलवी, जणू दुकानदाराने गिऱ्हाइकाचे म्हणणे ऐकावे, आणि हात कमरेपाशी फिरवून चेंडू नेमका तेथेच देई. मात्र त्या चेंडूला शेवटच्या हातभर अंतरात अशी काही वाकडी चाल असे की बॅट लागे, पण धड लागत नसे. मागितलेले दिले आणि तरी समोरचा बाद झाला, यात त्याला जो अभिमान वाटे, तो दुसऱ्या कशातच वाटत नसे.

अशी अकरा वर्षे गेली. मग दोन गोष्टी एकापाठोपाठ घडल्या.

दर ऑक्टोबरात प्रत्येक संघ आपली माणसे पुढील वर्षासाठी राखून ठेवी. राखीव यादीत नाव असलेल्याला दुसरीकडे जाता येत नसे आणि आम्ही सर्व खेळाडू त्या यादीला मनोभावे शिव्या देत असू. अठराशे शहाऐंशी साली त्या यादीत गॅरेटचे नाव नव्हते. तेव्हा आम्हाला प्रथमच उमगले की यादीत असण्यापेक्षा यादीत नसणे अधिक भयंकर आहे. त्याचे वय चौतीस झाले होते. मालकांनी त्याच्या जागी वेस्ली टार नावाचा वीस वर्षांचा, खांद्यावरून तोफेसारखा चेंडू फेकणारा तरुण आणला होता.

त्यानंतर महिन्याभरात नवे नियम छापून आले. त्यात लिहिले होते की यापुढे फलंदाजाने काही मागायचे नाही. खांद्यापासून गुडघ्यापर्यंत सगळा पट्टा पिचरला मोकळा. पट्ट्यातला चेंडू सोडला किंवा मारताना चुकला की एक स्ट्राइक; अशा तीनऐवजी चार स्ट्राइक झाल्या की फलंदाज बाद. आणि पिचरने धावत न येता, मागचा पाय रेषेवर ठेवून एकच पाऊल टाकावे.

ऑगस्ट नावाच्या जर्मन न्हाव्याच्या दुकानात हे वर्तमानपत्र वाचले गेले, तेव्हा गॅरेट खुर्चीत तोंडभर फेस लावून बसला होता आणि मी बाकावर होतो.

"गॅरेट," ऑगस्ट वस्तरा पुसत म्हणाला, "आता रे तुझं कसं व्हायचं? तुला हुकूम देणारंच कोणी उरलं नाही."

"घरी बायको आहे की, हेस्टर," बाकावरचा एक गाडीवान म्हणाला. "ती उंच पण मागते आणि खाली पण."

सगळे हसले. गॅरेटही फेसाआडून हसला असावा.

"चेष्टा नाही," ऑगस्ट म्हणाला. "अकरा वर्षं तू सांगितलं तिथे चेंडू टाकलास. आता सांगायचंच बंद. मग तुझी कला काय कामाची? आता ज्याच्या दंडात जोर, तो राजा."

"ऑगस्ट, आधी माझ्या गळ्याकडे लक्ष दे," गॅरेट शांतपणे म्हणाला. "काळजी मागाहून कर."

आमचे मालक मिस्टर होरेशियो ब्लिस हे चुलींच्या कारखान्याचेही मालक होते. ते मनाने वाईट नव्हते. फक्त जी वस्तू जुनी झाली ती मोडीत काढावी, हा त्यांचा कारखान्यातला शिरस्ता ते माणसांनाही लावत. ख्रिसमसच्या आदल्या आठवड्यात त्यांनी गॅरेटला बोलावले. सोबत मी होतो.

"कारखान्याच्या फाटकावर एक विश्वासू माणूस हवा आहे," ते म्हणाले. "बसून काम. शेगडी आहे, खुर्ची आहे. तुम्हाला सगळं गाव ओळखतं, व्हॅन लून."

"उपकार आहेत साहेब," गॅरेट म्हणाला. "पण फाटक कुठे पळून चाललंय? मला आधी एक सामना द्या."

"कशासाठी? टार आहे."

"टारला धावत येऊन उडी मारायची सवय आहे. नव्या नियमात त्याला एकच पाऊल मिळणार. बघा काय उरतं ते. माझे पाय पहिल्यापासून जमिनीवरच आहेत."

मिस्टर ब्लिस म्हणाले की एप्रिलमध्ये हॉलिस सिटीचा संघ सरावाच्या सामन्यासाठी येणार आहे. गॅरेट जिंकला तर हंगामाचा करार, हरला तर सोमवारपासून फाटक. हॉलिस सिटी म्हणजे मागील वर्षीचे विजेते. मी विरोध करणार इतक्यात गॅरेटने टोपी उचलली आणि "ठरलं" म्हणून मोकळा झाला.

बाहेर बर्फ पडत होते. मी म्हणालो, "तुला वेड लागलंय. हॉलिस सिटी? ड्वायर आहे त्यांच्यात. क्विग्ली आहे."

"डेनिस, ड्वायर काय मागतो?"

"म्हणजे?"

"पाटीवर आला की काय मागतो?"

"उंच."

"कधी खाली मागितलाय?"

मी आठवू लागलो. मॉरिस ड्वायर हा हॉलिस सिटीचा कर्णधार, अगडबंब देहाचा, आठ वर्षे आम्ही त्याच्याविरुद्ध खेळलो. "नाही," मी म्हणालो. "एकदाही नाही."

"क्विग्ली?"

"तोही उंच."

"आणि तो डावखुरा, पडक्या दाताचा?"

"तो खाली."

"का रे?" गॅरेटने विचारले. "ड्वायरने आठ वर्षांत एकदाही खाली का मागितला नाही?"

मी बर्फात उभा राहिलो. उत्तर इतके सोपे होते की मला स्वतःची लाज वाटली. ड्वायरला खालचा चेंडू मारताच येत नव्हता. त्याला तो शिकण्याची गरजच कधी पडली नव्हती, कारण कायद्याने त्याला तो कोणी टाकू शकत नव्हते.

"अकरा वर्षं," गॅरेट म्हणाला, "हे लोक माझ्या तोंडावर येऊन सांगत होते, मला काय येतं ते. म्हणजे काय येत नाही तेही सांगत होते. मी सगळ्यांचं ऐकलंय, डेनिस. एकाचंही विसरलेलो नाही."

तो सबंध हिवाळा आम्ही कालव्याकाठच्या, होड्या ठेवण्याच्या कोठारात सराव केला. मी एखादे नाव उच्चारावे आणि त्याने त्या माणसाने कधीही न मागितलेला चेंडू टाकावा, एवढाच आमचा अभ्यास. ते नाव कोणत्या संघातले, हे मी सांगण्याआधीच चेंडू माझ्या हाती आलेला असे. मी कोणाला काही बोललो नाही. अशी साधी गोष्ट दुसऱ्या कोणाच्या ध्यानात आली नसेल, यावर माझा विश्वास बसत नव्हता. तथापि सर्व संघ मोकळ्या पट्ट्याच्या आनंदात वेगवान तरुण गोळा करण्यात गुंतले होते.

सामन्याच्या दिवशी ऊन होते आणि वारा थंड होता. मैदान भरले होते. मी कर्णधार या नात्याने टारला उजव्या टोकाला उभे केले, कारण राखीव पिचरने तेथेच उभे राहायचे आणि बोलावणे आले की चौकटीतल्या माणसाशी जागा बदलायची, असा रिवाज होता. मिस्टर ब्लिस प्रेक्षकांच्या लाकडी सज्जाच्या पहिल्या बाकावर, चांदीच्या मुठीची काठी घेऊन बसले होते.

ड्वायर पहिल्या डावातच आला. पाटीवर बूट आपटले, बॅट फिरवली आणि सवयीने गरजला, "उंच!"

सज्जातून हशा उठला. पंच म्हणाले, "मिस्टर ड्वायर, ती सोय आता राहिली नाही."

"ठाऊक आहे," ड्वायर तांबडा होत म्हणाला. "घसा साफ करत होतो."

"घसा झाला असेल साफ तर सुरू करू," मी म्हणालो.

"तू गप रे हॅकेट. तुझ्या त्या आजोबांना म्हणावं टाका."

गॅरेटने चार चेंडू टाकले, चारही गुडघ्याच्या वर वीतभर. ड्वायरने पहिले दोन उभ्यानेच सोडून दिले, जणू ते आपले नव्हेतच. पंच दोन्ही वेळा म्हणाले, "स्ट्राइक." तिसऱ्या आणि चौथ्याला त्याने बॅट अशी खाली नेली, जशी शिडीवर चढलेल्या माणसाने पडलेली टोपी उचलायला वाकावे. जाता जाता तो माझ्याकडे पाहत राहिला. त्याला काहीतरी कळले होते, पण काय ते कळले नव्हते.

पाच डावांपर्यंत त्यांची एकही धाव नव्हती. आमच्या तीन होत्या. पडक्या दाताच्या डावखुऱ्याला छातीच्या उंचीचे चेंडू मिळाले आणि तो पंचांशी भांडला. "हे कसले चेंडू? मी आयुष्यात असले मारले नाहीत." त्यावर सज्जातून कोणीतरी म्हणाले, "म्हणूनच मिळतायत, बाबा," आणि मला वाटते, त्या क्षणी अर्ध्या मैदानाला गॅरेटची युक्ती समजली.

सहाव्या डावात मात्र आघात झाला. एक गडी बेसवर, म्हणजे धावेच्या मधल्या टप्प्यावर, असताना क्विग्ली आला; जन्मभर उंच मागणारा. गॅरेटने गुडघ्याशी दिला. क्विग्लीने तो अशा सफाईने उचलला की चेंडू कुंपणापलीकडच्या कोळशाच्या ढिगात गेला. दोन धावा. मी चौकटीपाशी गेलो.

"हिवाळ्यात याने काम केलंय," गॅरेट म्हणाला. त्याच्या बोलण्यात रागापेक्षा कौतुकच जास्त होते. "चांगला माणूस आहे. पुढच्या वेळी त्याला वेगळं बघू."

"तीन-दोन झालेत, गॅरेट."

"मलाही मोजता येतं. जा, बस जागेवर."

सातवा आणि आठवा डाव कोरडे गेले, दोन्ही बाजूंना. नवव्यात हॉलिस सिटीची अखेरची पाळी. दोन बाद झाले, तिसरा बाद होताच सामना आमचा, परंतु दरम्यान आमच्या क्षेत्ररक्षकांच्या एका चुकीने आणि एका लांब फटक्याने त्यांचे दोन गडी दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसवर जाऊन उभे राहिले. आता एक साधा फटकाही आम्हाला हरवू शकत होता. आणि जो फलंदाज पाटीकडे निघाला, त्याला आम्ही कधीच खेळताना पाहिलेले नव्हते. त्याचे नाव लूथर पेल. पश्चिमेकडच्या छोट्या गावांतून खेळून तो त्याच वसंतात आला होता. दिवसभरात तो प्रथमच बॅट घेऊन येत होता, कारण त्यांच्या एका माणसाचे बोट मोडल्याने त्याला उतरवण्यास मीच नवव्या डावाआधी संमती दिली होती.

सज्जात मिस्टर ब्लिस उभे राहिले. त्यांनी काठी उचलली आणि उजव्या टोकाला, जेथे टार उभा होता, तिकडे रोखली. मी पुन्हा चौकटीपाशी गेलो.

"साहेब काठी दाखवतायत," मी म्हणालो.

"दिसतंय."

"या पोराबद्दल तुला काही माहीत नाही. मलाही नाही. टारला बोलावलं तर माझ्यावर काही येणार नाही. नाही बोलावलं आणि हरलो, तर तुझ्याबरोबर मीही फाटकावर."

"शेगडी आहे म्हणतात," गॅरेट म्हणाला. "दोघांना पुरेल."

"गॅरेट, मी चेष्टा करत नाही. याला काय येतं, काय नाही, तुला कसं कळणार?"

"जसं बाकीच्यांचं कळलं," तो म्हणाला. "विचारतो."

मी त्याच्या तोंडाकडे पाहिले. अकरा वर्षांत मी तो चेहरा अनेक प्रकारचा पाहिला होता, पण त्यावर भीती कधी पाहिली नव्हती, आणि आजही ती नव्हती. मी सज्जाकडे पाठ केली, टारकडे न पाहता पाटीमागे जाऊन उभा राहिलो आणि मुखवटा ओढून घेतला. माझ्या आयुष्यात धैर्याची जी दोन-तीन कृत्ये झाली असतील, त्यांत मी हे धरतो.

पेल पाटीपाशी आला, गोरा, लांब मानेचा, अदबशीर. गॅरेटने चेंडू पंचांना दिसेल असा समोर धरला आणि ज्या शांतपणे तो वर्षानुवर्षे मान हलवीत आला होता, त्याच शांतपणे विचारले,

"कुठे देऊ, तरुण माणसा?"

"खाली, साहेब," पेल म्हणाला.

"गाढवा!" ड्वायर आपल्या बाकावरून किंचाळला. "सांगू नको त्याला!"

मैदानभर हसण्याची लाट गेली. पंचांनी रुमाल तोंडाशी नेला. पेलच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या, पण त्या मुलाचा तरी काय दोष? लहानपणापासून त्याला हेच शिकवले होते की विचारले तर सांगावे. पिचरने विचारावे आणि फलंदाजाने सांगू नये, असा प्रसंग या खेळात आजवर आलाच नव्हता.

पहिला चेंडू छातीच्या उंचीने आला. पेल पाहत राहिला. "स्ट्राइक."

"मी खाली म्हटलं होतं," तो पुटपुटला.

"ऐकलं मी," गॅरेट म्हणाला.

दुसरा त्याच उंचीने. पेलने बॅट घुमवली; चेंडू बॅटच्या वरून माझ्या हातात. तिसरा एक बोट अधिक उंच, आणि पेल पुन्हा चुकला, परंतु या खेपेला अगदी थोडक्यात. मला बॅटचा वारा कपाळावर लागला. मुलगा शिकत होता. आता तो टाचा उचलून, कोपरे वर घेऊन उभा राहिला. त्याचे डोळे खांद्याच्या रेषेवर खिळले होते. मी खूण केली: उंच. जे तीनदा लागू पडले, ते चौथ्यांदा का नको, असा माझा साधा हिशेब.

गॅरेटने मान हलवली. नाही.

मी पुन्हा तीच खूण केली. त्याने पुन्हा मान हलवली, आणि मग मला त्याचा बेत समजला. समजताच मी गुडघे वाकवून खाली झालो, कारण चौथी स्ट्राइक कॅचरच्या हातून निसटली तर फलंदाज धावू शकतो, आणि तिसऱ्या बेसवरचा गडीही. माझ्या हातांत बोटे कापलेले पातळ मोजे होते, दुसरे काही नाही.

चेंडू निघाला. पेलची बॅट छातीच्या उंचीने सर्व ताकदीनिशी फिरली. तिच्याखाली, हातभर खाली, त्याने मागितले होते तेथेच, गुडघ्यालगत, तो चेंडू सावकाश गेला आणि माझ्या बुटांपाशी वाकला. मी दोन्ही हात जमिनीला लावले. चौथे बोटही गेले की काय, असे वाटले. हात वर करून पंचांना चेंडू दाखवला.

"बाद."

लोक कुंपण ओलांडून आत आले. पेल तेथेच उभा होता. "तो खाली होता," तो म्हणाला.

"तूच मागितला होतास ना," गॅरेट पाटीकडे येत म्हणाला, आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "छान फिरवतोस बॅट. उंचावरचे शीक. पुढच्या वर्षी मला त्रास देशील."

मिस्टर ब्लिस गर्दीतून वाट काढत आले. "मी काठी दाखवली होती, हॅकेट."

"दिसली होती, साहेब," मी म्हणालो.

मग आम्ही तिघे तिकिटांच्या खोलीत गेलो. करार लिहिलेला होता. फक्त मुदतीची जागा मोकळी होती. मिस्टर ब्लिस लेखणी बुडवून म्हणाले, "दोन महिने ठेवू. हे लोक शिकतील, व्हॅन लून. क्विग्ली शिकलाच आहे. सगळे शिकले की मग काय?"

"शिकायला त्यांना वेळ लागेल, साहेब. एकेकाला पंधरा वर्षांची सवय मोडायची आहे." गॅरेटने कागद त्यांच्याकडे परत सरकवला. "पूर्ण हंगाम ठरला होता."

मिस्टर ब्लिस यांनी पूर्ण हंगाम लिहिला. गॅरेटने आपले नाव मोठ्या, सुट्या अक्षरांत लिहिले, जसे तो नेहमी लिही, आणि कागदावर फुंकर घातली. बाहेर आल्यावर त्याने विचारले, "गुरुवारी कोण आहे?"

"ओनिडा मिल्स. त्यांच्यात पाच नवे आहेत म्हणे."

"मग पाच जणांना विचारावं लागेल."

"आता कोणी सांगणार नाही, गॅरेट. आजची गोष्ट उद्या सगळीकडे छापून येईल."

"सगळे नाही सांगणार, पण एखादा सांगेलच," तो म्हणाला, कोटाची कॉलर वर केली आणि चालू लागला.